तात्या दारं मोडायचे

आमच्या कॉलनीची स्मरणिका परवा छापून आली. पंधरा वर्षं झाली म्हणून काढली. कोल्हापुरात हल्ली चार माणसं एकत्र आली की स्मरणिका काढतात, त्यातलाच प्रकार. तिच्यात 'आपल्या कॉलनीचा इतिहास' हा दीड पानाचा लेख माझा आहे. मी सगळ्यांत जुना सभासद, बरीच वर्षं सेक्रेटरी, आणि पाटबंधारे खात्यात सव्वीस वर्षं टिपणं लिहून माझं मराठी शुद्ध झालंय असा सगळ्यांचा समज, म्हणून ते काम माझ्याकडं आलं. लेखाचं पहिलं वाक्य आहे, 'येथे पूर्वी शेती होती.' दुसऱ्या वाक्यात एकदम रस्ते झालेले आहेत.

मध्ये जे राहिलं ते इथं सांगतो. ऐकून कुणाचं काही भलं होणार नाही, माझं तर नाहीच.

शेती होती, ती आमची होती. माझे वडील आकाराम, त्यांचे धाकटे भाऊ जोतीरामतात्या, आणि बांधाला बांध लावून कुतुबुद्दीन मुलाणी. आमच्याकडं शेताच्या तुकड्याला डाग म्हणतात. थोरला डाग, चिंचेचा डाग, तळकाट, आणि पलीकडं मुलाण्याचा डाग. आज थोरल्या डागात पहिली ते तिसरी गल्ली आहे. चिंचेच्या डागात माझा बंगला आहे, चिंच नाही. तळकाटात खाली दहा-बारा बंगले आणि बालोद्यान, त्यात दोन झोपाळे, त्यातला एक मोडका. विहीर मुलाण्यांची आणि आमची सामाईक होती. तिच्यावर ऑइल इंजिन बसवलेलं होतं. ती विहीर होती तिथं आता पाण्याची उंच टाकी आहे.

एक शब्द इथंच सांगून ठेवतो, कारण पुढं सगळं त्या एका शब्दावर आहे. उसाला पाणी पाजायचं म्हणजे पाटाचं पाणी एका सरीत सोडायचं, ती भरली की तिचं तोंड मातीनं बुजवायचं आणि पुढच्या सरीचं तोंड खोऱ्यानं फोडायचं. त्या तोंडाला आम्ही दारं म्हणतो. हे काम करत पाटावर उभं राहायचं म्हणजे दारं धरायचं, आणि सरीचं तोंड फोडायचं म्हणजे दारं मोडायचं. यात लाकूड नाही, कडी नाही, कुलूप नाही. आमच्या भागातल्या कुठल्याही शेतकऱ्याला हे सांगावं लागत नाही.

कुतुबुद्दीनचाचा इंजिनापाशी आणि तात्या दाऱ्यावर, अशी त्यांची जोडी होती. पाणी कुणाच्याही पाळीचं असो, दोघं दोन्हीकडं राबायचे. इंजिनाच्या भकभकीतून चाचा ओरडायचे, "जोत्या, मोडलं का रं?" आणि उसाच्या आतनं तात्यांचं उत्तर यायचं, "मोडलं." दिवसाकाठी हे शंभर वेळा. मीसुद्धा मॅट्रिक होईपर्यंत त्याच पाटावर दारं धरली आहेत. हे कॉलनीत कुणाला ठाऊक नाही. पाटील आडनावाचा हाच एक फायदा, कोल्हापुरात कुठला पाटील कुठला हे कुणी विचारत नाही.

जमीन विकायची अक्कल माझी. खोटं कशाला बोलू. एकोणसत्तर साली शहर आमच्या बांधापर्यंत आलं होतं आणि माझ्या हाताखालचे कारकूनसुद्धा प्लॉटच्या गोष्टी बोलायला लागले होते. मला उसात राबणाऱ्याचा पोरगा म्हणून मरायचं नव्हतं. मी वडिलांना पटवलं. चाचांना पटवावं लागलं नाही, आमचा डाग गेल्यावर कडेच्या एका तुकड्याचं ते काय करणार होते? राहिले तात्या. बायडाबाई चुलती वारली होती, मूलबाळ नव्हतं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं, "इकायचं तर इका. पर मी कुठं जायाचं?"

मी म्हणालो, "तात्या, कुठं जायाचं न्हाय. हितंच घर बांधू. तुमी तुमच्या रानातच ऱ्हाणार."

तो शब्द मी पाळला. चिंचेच्या डागात बंगला बांधला, आणि मागच्या बाजूला पत्र्याची एक खोली काढली. त्या खोलीत तात्या राहायला आले. बरोबर एक ट्रंक, जोतिबाचा फोटो आणि खोरं. बाकीची अवजारं मी भंगारात दिली होती, खोरं त्यांनी दिलं नाही.

विहीर बुजवली त्या दिवशी दोघं म्हातारे काठावर बसून होते. ट्रकमधून मुरूम पडत होता, खालचं पाणी वर येत होतं. तीन दिवस लागले. तिसऱ्या दिवशी चाचा उठले, धोतर झटकलं आणि म्हणाले, "चल जोत्या, पाळी संपली." पुढं चाचा इंजिनाच्या एका कारखान्यात फिटरच्या हाताखाली लागले आणि गावठाणात दोन खोल्यांत राहायला गेले. वडील दुसऱ्याच वर्षी वारले. आणि तात्यांचं काय करायचं, हे कुणालाच कळलं नाही. मला तर नाहीच.

जमिनीवर तुम्ही रस्ते करा, गटारं करा, कंपाऊंडं घाला, तिचा उतार बदलत नाही. विहिरीच्या जागी टाकी झाली, आणि रोज सकाळी उजाडताना ती भरून वाहायला लागली. ते पाणी बरोबर आमच्या जुन्या पाटानं यायचं. वरच्या गल्लीतून, रेग्यांच्या कंपाऊंडाच्या कडेनं, खाली तळकाटात. तात्यांनी ते पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते बराच वेळ नुसते उभे होते. दुसऱ्या दिवशी उजाडता उजाडता खोरं खांद्यावर टाकून बाहेर पडले, ते मग रोजच.

कंपाऊंडाच्या तळाशी पाणी जायला भोकं ठेवलेली असतात. तात्या त्यांच्या तोंडाशी मातीचा लहानसा बांध घालायचे, पाणी वळवून एकेका बंगल्याच्या बागेत सोडायचे, तिथली आळी भरली की ते तोंड बुजवून पुढच्याचं मोडायचे. पाळीपाळीनं. सगळ्या गल्लीचा पेरू, शेवगा, जास्वंद त्यांनी पोसली. बंगल्यांना ते डागांच्या नावानंच ओळखायचे. "तळकाटातल्या मास्तरांचं केळं यायलंय," असं मला सांगायचे. सुरुवातीला लोकांना कौतुक वाटलं. फुकटचा माळी कुणाला नको असतो? मग हळूहळू कुरकुर यायला लागली. रस्त्यावर चिखल होतो. म्हातारा न विचारता फाटक उघडतो. रेगे बँकेत मोठे अधिकारी, मुंबईहून बदलून आलेले आणि इथंच घर बांधून राहिलेले. ते एकदा मला म्हणाले, "पाटील, ते तुमच्याकडचे आजोबा अनवाणी येतात हो, फरशीवर पाय उमटतात."

'तुमच्याकडचे' म्हणाले, कारण मी कॉलनीत तात्यांना गावाकडचे लांबचे चुलते म्हणून सांगितलं होतं. लांबचे! माझ्या बापाच्या पाठचा भाऊ. मी तात्यांना दोन-तीनदा सांगून पाहिलं की आता हे बंद करा. ते म्हणायचे, "पानी फुकट जातंय न्हवं ज्ञानू. डोळ्यादेखत कसं जाऊ द्यायचं?" त्यांचं बरोबर होतं, आणि त्याचाच मला राग यायचा.

एकोणऐंशीच्या मे महिन्यात अर्धी कॉलनी सुट्टीला गेली होती. रेगे मुंबईला, कोपऱ्यावरचे वकील कोकणात, तळकाटातली दोन कुटुंबं पुण्याला. चार बंगले बंद. महिनाअखेरीला रेगे परत आले तर पुढच्या दाराची कडी उचकटलेली, दाराची फळी चिरलेली, आतली चांदीची भांडी आणि ट्रान्झिस्टर गायब. मग बाकीचे तीन पाहिले. तिथंही तेच.

आणि चारही आवारांत अनवाणी पायांचे ठसे, चिखलाचे, वाळलेले.

सकाळी दहाला जीप आली. फौजदार नवा होता, वऱ्हाडातला, वयानं लहान, बोलायला चांगला. बरोबर लिहायला एक हवालदार होता. सगळी मंडळी माझ्याच व्हरांड्यात जमली, कारण सेक्रेटरी मी. रेग्यांनी ठशांचं सांगितलं, कुणीतरी खोऱ्याचं सांगितलं. फौजदार म्हणाला, "बोलवा बरं त्या बाबांना."

तात्या मागून आले. हातात खोरं होतंच. एवढी माणसं पाहून त्यांनी मुंडासं नीट केलं आणि पायरीच्या खाली उभे राहिले.

"बाबा, तुम्ही रोज सकाळी ह्या बंद बंगल्यांत जात होते?"

"व्हय. जायाचो की."

"कशासाठी?"

"दारं मोडाय."

 रेगे खुर्चीत पुढं सरकले. फौजदारानं पुन्हा विचारलं, "काय मोडायला?"

"दारं," तात्या जरा मोठ्यानं म्हणाले. साहेबाला ऐकू कमी येतं असं त्यांना वाटलं.

"कोणाची?"

"समद्यांची. पाळी असती न्हवं. पयलं ह्या सायबांचं, मग कोपऱ्यावरच्या वकिलांचं, मग खाली तळकाटातली दोन. वरच्या अंगानं खाली यायचं."

"कशानं मोडली?"

"खोऱ्यानं." तात्यांना प्रश्नच कळेना. "आनि कशानं मोडत्यात?"

"तुम्हाला कोणी सांगितलं होतं मोडायला?"

"सांगाय कशाला पायजे? मानसं गावाला गेल्याली. मी न्हाय मोडायची तर कोण मोडणार? समदं वाळून गेलं असतं की."

हवालदाराची लेखणी थांबली. तो कागलकडचा होता, बोलण्यावरून मला आधीच कळलं होतं. त्यानं मान वर करून तात्यांकडं पाहिलं आणि मग माझ्याकडं पाहिलं. त्याला कळलं होतं. मला कळलं होतं. आणि मला कळलंय हेही त्याला कळलं होतं. तो हवालदार, साहेबासमोर आपणहून बोलणं त्याला जड होतं. तो माझी वाट बघत होता.

"सोबत कोण होतं?" फौजदारानं विचारलं.

"आता एकलाच. पयलं कुतबू असायचा जोडीला."

फौजदार माझ्याकडं वळला. "पाटीलसाहेब, तुम्ही इथले. आमच्याकडं दार म्हणजे दारच. हे बाबा म्हणतात ते दारं मोडणं म्हणजे तेच ना?"

एक वाक्य लागलं असतं. 'साहेब, पाणी पाजायच्या सरीच्या तोंडाला दारं म्हणतात.' पोरासोरालाही सांगता आलं असतं. मग कुणीतरी विचारलं असतं, तुम्हाला कसं ठाऊक? मग मला सांगावं लागलं असतं की जिथं तुमची खुर्ची आहे तिथं मी गुडघाभर चिखलात उभा राहून दारं धरली आहेत, आणि हा माणूस माझा सख्खा चुलता आहे. हे एक कारण. पण ते खरं कारण नव्हे, आणि आता लपवून काय करायचंय? खरं कारण याहून हलकं होतं. मला तात्यांचा कंटाळा आला होता. माझ्या मनात आलं, जाऊ दे एकदा चौकीत, दोन दिवसांत सुटतील, आपणच जाऊन सोडवू, पण हे रोजचं खोरं तरी थांबेल.

मी म्हणालो, "वय झालंय त्यांचं. काय बोलतात ते त्यांचं त्यांनाच ठाऊक."

हवालदारानं मान खाली घातली आणि लिहायला लागला.

पंचनाम्यावर दोन पंचांच्या सह्या लागतात. पहिली रेग्यांच्या शेजाऱ्यांनी केली, दुसरी मी. मी सही करत होतो तेव्हा तात्या पायरीखालून माझ्याकडं बघत होते. त्यांच्या चेहऱ्यावर कौतुक होतं. घरातलं पोरगं साहेबाच्या कागदावर सही करतंय याचं कौतुक. त्यांना वाटलं असणार की मी त्यांच्यासाठीच काहीतरी लिहून देतोय.

"झालं का रं ज्ञानू?" त्यांनी विचारलं. "जाऊ मी? खालच्या दोघांचं राहिलंय."

खोरं मुद्देमाल म्हणून कागदात गुंडाळून घेतलं. जीपमध्ये चढताना तात्यांनी मागं वळून पाहिलं, पण ते माझ्याकडं नाही, खोऱ्याकडं.

दुसऱ्या दिवशी मी चौकीत गेलो नाही. ऑफिसात साहेबांचा दौरा होता. तिसऱ्या दिवशी सकाळी कुतुबुद्दीनचाचा आले. त्यांच्याकडंही आदल्या संध्याकाळी शिपाई जाऊन आला होता, जोडीला असायचा तो कुतबू कोण म्हणून. चाचा व्हरांड्यात आले नाहीत, फाटकातच उभे राहिले.

"ज्ञानू, जोत्या दोन रोज आत हाय."

"चाचा, कायद्याचं काम आहे. वेळ लागतो."

"कसला कायदा? दारं म्हंजे काय एवढंच त्या सायबाला सांगायचंय. चल, दोघं जाऊ. तू शिकल्याला हायस, तुझं ऐकंल त्यो."

"मी संध्याकाळी येतो. आत्ता ऑफिस आहे."

चाचांनी माझ्याकडं नीट पाहिलं. माझ्या इस्त्रीच्या शर्टाकडं, हातातल्या डब्याकडं. "बरं," म्हणाले आणि निघून गेले.

ऑफिसात माझं लक्ष लागलं नाही, एवढं तरी माझ्या बाजूनं लिहून ठेवा. अकराच्या सुमाराला मी स्कूटर काढली आणि चौकीपाशी गेलो. आवारात माणसं गोळा झाली होती. मी भिंतीच्या बाहेरच थांबलो, तिथून आतलं दिसत होतं.

चाचा चौकीच्या अंगणात उकिडवे बसले होते. त्यांनी हातानं माती ओढून लहान लहान सऱ्या पाडल्या होत्या, पाच-सहा, आणि त्यांच्या डोक्याशी एक पाट. शेजारी पाण्याची बादली. फौजदार पायरीवर उभा होता, कंबरेवर हात ठेवून.

"हे बगा सायेब," चाचा म्हणाले आणि त्यांनी पाटात पाणी ओतलं. "ह्यो पाट. ह्या सऱ्या. आता पानी ह्या सरीत चाललंय. भरली. आता हिचं तोंड बुजवायचं." त्यांनी मातीचा गोळा दाबला. "आनि फुडचीचं उघडायचं." त्यांनी बोटानं माती फोडली. पाणी वळलं आणि दुसऱ्या सरीत धावलं. "ह्याला म्हंत्यात दारं मोडलं."

 चाचांनी पुन्हा पाणी ओतलं, तिसरं मोडलं, चौथं मोडलं. सत्तरीकडं झुकलेला माणूस, पोलिसांच्या अंगणात, मातीत शेत करून दाखवत होता. शेवटचं दारं मोडल्यावर ते उठले आणि चौकीच्या खिडकीकडं तोंड करून मोठ्यानं ओरडले, "जोत्या, मोडलं का रं?"

आतून काही आवाज आला नाही. चाचांनी पुन्हा विचारलं, "मोडलं का?"

थोड्या वेळानं आतून बारीक आवाज आला, "मोडलं."

फौजदारानं टोपी काढून कपाळ पुसलं. हवालदाराला विचारलं, "तुला माहीत होतं हे?" हवालदार जमिनीकडं बघत उभा राहिला. फौजदार म्हणाला, "अरे, मग मी पाटलांना विचारलं होतं ना. समोर विचारलं होतं. ते तर पंच होते."

चाचांनी ते ऐकलं. शिपायानं दारात आणून उभ्या केलेल्या तात्यांनीही ऐकलं. मी स्कूटर चालू न करता ढकलत कोपऱ्यापर्यंत नेली.

तात्यांना त्याच दिवशी सोडलं. तिथं त्यांना कुणी हात लावला का, हे त्यांनी कधी सांगितलं नाही. उजवा पाय मात्र ओढत होते. चाचांनी त्यांना माझ्या फाटकापर्यंत आणून सोडलं. जाताना मला एवढंच म्हणाले, "तू ह्याच रानात दारं धरून मॅट्रिक झालास रं." त्यांच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर मला काहीतरी उलट बोलता आलं असतं.

तात्या आत आले नाहीत. त्यांच्या खोलीला जायची वाट स्वयंपाकघराच्या दारातून होती आणि दार नुसतं लोटलेलं होतं. ते बाहेर उभे राहिले.

मी म्हणालो, "तात्या, या की आत."

"दार उघडा सायेब," ते म्हणाले. "मी हात लावत न्हाय."

मला वाटलं चेष्टा आहे. तात्यांनी आयुष्यात चेष्टा केलेली मला आठवत नाही. मी दार उघडलं. ते आत गेले, खोलीत बसले. त्या दिवसापासून त्यांनी घरातलं एकही दार स्वतःच्या हातानं उघडलं नाही. संडासचंसुद्धा. कुणी येईपर्यंत भिंतीला टेकून उभे राहायचे. आणि मला ते पुन्हा कधी ज्ञानू म्हणाले नाहीत. "तुमी हापिसातनं आला का सायेब?" "तुमचं जेवान झालं का?" ज्यांनी मला खांद्यावर बसवून जोतिबाच्या यात्रेला नेलं होतं, ते मला अहो-जाहो करत होते.

एकदा मी त्यांच्या खोलीत जाऊन जमिनीवर बसलो. म्हणालो, "तात्या, माझं चुकलं. मला चार शिव्या द्या. पर मला ज्ञानू म्हणा."

त्यांनी खरंच विचार केला. मग म्हणाले, "तसं कसं? तुमी पंच हाय न्हवं. पंचाला एकेरी बोलू ने."

गावात पंच म्हणजे ज्याच्या शब्दावर सगळ्यांचा भरवसा, तो माणूस. तात्यांना दुसरा अर्थ ठाऊक नव्हता. हे त्यांनी मला लागावं म्हणून म्हटलं की मनापासून, ते मी आजपर्यंत ठरवू शकलेलो नाही. दोन्हींपैकी काहीही असलं तरी मला त्यातून सुटका नाही.

खरे चोर दोन महिन्यांनी दुसऱ्या जिल्ह्यात सापडले, रेग्यांच्या ट्रान्झिस्टरसकट. रेगे भले माणूस, पेढे घेऊन माझ्याकडं आले आणि म्हणाले, "तुमच्या आजोबांना उगाच त्रास झाला." खोरं परत मिळालं. मी ते पुसून तात्यांच्या खोलीत कोपऱ्यात उभं केलं. त्यांनी त्याला हात लावला नाही. टाकी रोज भरून वाहायची, पाणी फुकट खाली जायचं. तळकाटातल्या मास्तरांची केळ दिवाळीनंतर वाळली. मास्तर मला म्हणाले, "हल्ली आजोबा येत नाहीत का?" माझ्या मनासारखं झालं होतं. रोजचं खोरं थांबलं होतं.

तात्या दिवसा चाचांच्या ओट्यावर जाऊन बसायला लागले. दोघं फारसं बोलायचे नाहीत म्हणे. पुढच्या संक्रांतीच्या आधी, दुपारी, त्या ओट्यावरच तात्या गेले. मी पोचलो तेव्हा चाचांनी त्यांचं डोकं मांडीवर घेतलेलं होतं.

आमच्यात रक्षा स्वतःच्या रानात टाकायची पद्धत. तिसऱ्या दिवशी चाचा स्मशानात आले होते. मी हंडीत रक्षा भरली, तेव्हा त्यांनी विचारलं, "कुठल्या डागात न्यायची?"

मी ती पंचगंगेत सोडली. चाचा घाटाच्या वरच्या पायरीवर उभे होते. ते खाली आले नाहीत. तीन वर्षांनी तेही गेले, त्यांच्या मुलीनं मलकापूरला नेलं होतं तिकडंच. मला कुणी कळवलं नाही आणि का कळवावं?

तर आता स्मरणिका. मी लेख लिहायला बसलो आणि पहिल्या वाक्यानंतर तीन ओळी लिहिल्या. 'या शेतात जोतीराम पाटील आणि कुतुबुद्दीन मुलाणी यांनी तीस वर्षे दारं धरली. कॉलनी झाल्यावरही टाकीचे वाहते पाणी वाया जाऊ नये म्हणून जोतीराम पाटील सर्वांच्या बागांची दारं मोडत. ते माझे सख्खे चुलते.' एवढंच. एवढं लिहायला मला सात वर्षं लागली. लेख छापखान्यात पाठवला आणि त्या आठवड्यात मला जरा झोप लागली.

प्रूफ घेऊन रेगेच आले. ते आता निवृत्त आहेत आणि संपादक मंडळाचे अध्यक्ष आहेत. सगळं बारकाईनं वाचतात. त्यांनी लाल शाईनं 'दारं'चं 'दारे' केलं होतं, दोन्ही ठिकाणी. वाक्य असं झालं होतं: 'जोतीराम पाटील सर्वांच्या बागांची दारे मोडत.' आणि समासात मोठं प्रश्नचिन्ह.

"पाटील, शुद्धलेखन मी बघितलंय," ते म्हणाले. "पण ही ओळ काय आहे? बागांची दारे मोडत? त्या वेळचं प्रकरण आपण विसरलोय सगळे, आता उगाच छापून कशाला उकरायचं? आणि ते तुमचे सख्खे चुलते होते? कधी बोलला नाहीत."

आम्ही व्हरांड्यात होतो, त्याच खुर्च्यांवर. समोर पायरी होती. रेग्यांनी चष्मा वर करून माझ्याकडं पाहिलं आणि थांबले. त्यांना खरंच जाणून घ्यायचं होतं. एक वाक्य लागलं असतं. खाली बसून, बोटानं मातीत रेघ ओढून दाखवता आलं असतं, चाचांनी दाखवलं तसं. समोर कुंडीत माती होती.

"चुकून राहिलं," मी म्हणालो. "काढून टाकू."

रेग्यांनी खिशातलं लाल पेन दिलं. मी तिन्ही ओळींवर आडवी रेघ मारली. मजकूर जुळतोय का ते त्यांनी एकदा वाचून पाहिलं. येथे पूर्वी शेती होती. सन एकोणीसशे सत्तरमध्ये अंतर्गत रस्त्यांचे काम हाती घेण्यात आले. जुळत होता.

"खाली सही लागेल तुमची," ते म्हणाले.

मी केली.